विनीने गिळलेले दोन शब्द

गुरुवारी दुपारपासून एथ्ना रडली नव्हती.

नेसाच्या हे लक्षात आलं ते शनिवारी सकाळी, लंगोट बदलताना. आठ महिन्यांची पोर. एरवी या कामाला अख्ख्या डूनीन गावाला ऐकू जाईल असं भोकाड पसरायची. आज टेबलावर उताणी पडून छताकडे बघत होती. पायसुद्धा झाडत नव्हती. नेसाने मुद्दाम पुसायचं फडकं गार पाण्यातच बुडवून लावलं. एथ्नाने मान वळवून तिच्याकडे पाहिलं. परक्या घरी चहाची वाट बघत बसलेली पाहुणी पाहते ना, तसं. तक्रार नाही, घाई नाही, ओळखही नाही.

"डोनल, ही रडत नाहीये," नेसा म्हणाली.

"देव पावला," नवरा दारातून म्हणाला. तो दाढी करत होता, अर्ध्या गालावर फेस. "आठ महिन्यांत पहिल्यांदा सलग सात तास झोपलोय मी. तू आता याचीही तक्रार करणार असशील तर मी बहिरा होतो, आत्ताच सांगून ठेवतो."

डोनल डब्लिनचा. नेसाच्या तिन्ही सिनेमांचं ध्वनिमुद्रण त्याचंच. बहिरा होण्याचा विनोद तो दिवसातून दोनदा करायचा. नेसा हसली नाही. ती बाळाचे कान बघत होती. डावा कान बापासारखा किंचित बाहेर आलेला, त्याच्या पाळीमागे मसुराएवढा तांबडा डाग. डाग होता. तिने तो बोटाने चोळून पाहिला, आणि आपण काय करतोय हे कळल्यावर हात मागे घेतला.

डब्लिनच्या नाटकवाल्यांत आणि बाहेरच्या महोत्सवांत नेसा पॅडन हे नाव आता वजनाने घेतलं जायचं. डूनीनमध्ये मात्र ती अजून दुधाची लॉरी चालवणाऱ्या मार्टिन पॅडनची धाकटी होती. एकोणीस वर्षांची असताना, गॉलवेच्या कॉलेजातून सुट्टीला घरी आली असताना, तिने गावच्या नाटकमंडळासाठी एक एकांकिका लिहिली. गोष्ट एवढीशी. एक शेजारीण येते, पाळण्यात डोकावते, बाळाचं तोंडभरून कौतुक करते आणि दृष्ट लागू नये म्हणून त्यापाठोपाठ म्हणायचं 'देव राखो' न म्हणता निघून जाते. दुसऱ्या दिवसापासून पाळण्यातलं बाळ ते बाळ राहत नाही. आईला ते कळतं, बाकी कुणाला कळत नाही.

शेजारणीचं काम शाळेत मुलांना जेवण रांधणाऱ्या विनी गॉनने केलं. ईस्टरच्या आधीच्या उपासाच्या सहा आठवड्यांत पश्चिमेकडच्या गावोगावच्या हॉलांत नाट्यस्पर्धा चालतात. त्या वर्षी मार्टिन पॅडनच्या लॉरीत पाळणा घालून मंडळ सगळीकडे फिरलं. अकरा बक्षिसं आली. मग नेसाला डब्लिनच्या रंगमंचावरून बोलावणं आलं, मग लंडनहून. आणखी चार नाटकं झाली, पहिला सिनेमा झाला, दुसऱ्याला परदेशात बक्षीस मिळालं. सदतिसाव्या वर्षी एथ्ना झाली. आणि बाळंतपणानंतर पहिलं काम हाती घ्यायचं तेव्हा नेसाने तीच पहिली एकांकिका काढली. तिचाच सिनेमा. डूनीनमध्येच. शेजारणीच्या कामाला विनी गॉनच, आता एकोणऐंशी वर्षांची.

झालं ते गुरुवारी झालं.

सिनेमात बाळाच्या कामाला नेहमी जुळी घेतात. इतक्या लहान जिवाला कॅमेऱ्यासमोर थोडाच वेळ ठेवायची परवानगी असते. एक दमलं की दुसरं पाळण्यात. जसिंता नावाच्या पलीकडच्या गावातल्या बाईच्या जुळ्या मुली ठरवल्या होत्या. बुधवारी त्यातली एक तापली. गुरुवारी दुसरीची वेळ दोन टेकमध्येच संपली. अर्ध्या दारातून चुलीवर येणारं ऊन आणखी तासभर टिकणार होतं. दुसऱ्या दिवशी वादळाचा इशारा होता.

"आपली घाल की," डोनल म्हणाला.

सगळे हसले. नेसाही हसली. आणि तिने एथ्नाला जुळ्यांचा लोकरी झगा घालून पाळण्यात ठेवलं.

शाल सारखी करत विनी आत आली, पाळण्यात बघून थबकली. "ही कुणाची?"

"माझीच, विनीकाकू."

"मग मी ते वाक्य म्हणायची नाही."

"अहो, गावोगाव म्हणत फिरलात तुम्ही ते."

"लाकडाच्या बाहुलीला म्हणत होते. आणि तिलासुद्धा, दारापाशी पाठ फिरवली की हळूच 'देव राखो' म्हणत होते. तुला ऐकू आलं नसेल. तू मागे उभी राहून टाळ्या मोजत असायचीस."

शूटिंगची पोरं पुन्हा हसली. विनीने काम केलं, पण तिच्या पद्धतीने. आत यायची, पाळण्यावर वाकायची, म्हणायची, "काय देखणं लेकरू गं हे! असं लेकरू या गावात झालं नाही." दाराकडे वळायची, आणि ओठातल्या ओठात पुटपुटायची. रंगमंचावर ते खपलं असतं. इथे तिच्या शालीत माईक होता, पाळण्याच्या कडेला दुसरा होता, आणि कॅमेरा तिच्या गालापासून हातभर अंतरावर. तिसरा टेक गेला, चौथा गेला, पाचवा, सहावा. प्रत्येक टेकमध्ये ते दोन शब्द. ऊन चुलीच्या कडेपर्यंत सरकलं.

नेसाने तिला बाजूला घेतलं. "काकू, ती बाई ते म्हणाली तर गोष्टच घडत नाही."

"तेच तर. नको घडू दे."

"मी दिग्दर्शिका म्हणून सांगतेय तुम्हाला."

"पाळण्यात दिग्दर्शिकेचं पोर नाही, बाई. आईचं आहे. आई म्हणून सांग, मग ऐकते."

नेसाने घड्याळ पाहिलं. दाराबाहेर ढग बघितले. "आई म्हणून सांगते," ती म्हणाली.

सातव्या टेकमध्ये विनीने शब्द गिळले. खरोखरच गिळले. घोट घेतल्यासारखा तिचा सुरकुतलेला कंठ वर गेला, खाली आला, आणि ती दाराबाहेर गेली. नेसा मॉनिटरवर त्या गळ्याला डोळे लावून होती. आपण आजवर केलेल्या कामात याच्या जवळपास जाणारं काही नाही, हे तिला तिथल्या तिथे कळलं. मॉनिटरच्या कोपऱ्यात पाळणा होता. त्याच्याकडे तिने पाहिलं नाही.

मग डोनलने हात वर करून नेहमीचं मागून घेतलं. प्रत्येक जागेची स्वतःची अशी शांतता असते, ती मिनिटभर मुद्रित करून ठेवावी लागते, पुढे जोडकामाला लागते. वीस माणसं होती तिथे पुतळ्यासारखी उभी राहिली. कुणी खोकलं नाही. खुर्ची करकरली नाही. एरवी अशा वेळी हमखास किंचाळणारी एथ्नाही गप्प. "वा, खानदानी ध्वनिमुद्रकाची पोर," मिनिट संपल्यावर डोनल म्हणाला होता.

उचलून घेताना एथ्नाने नेसाच्या गळ्यात हात टाकले नाहीत. दमली असेल, असं नेसाला वाटलं.

सोमवारी तिने डॉक्टरीणबाईंना दाखवलं. वजन वाढलं होतं. कान साफ, घसा साफ. "इतकं गुणी बाळ!" डॉक्टरीणबाई म्हणाल्या आणि लगेच सवयीने पुढे जोडलं, "देव राखो." नेसाने एकदम बाळाकडे पाहिलं. काही नाही. एथ्ना खिडकीशेजारच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत होती.

येताना जसिंता दुकानात भेटली. तिची आजारी मुलगी गुरुवारी संध्याकाळीच खडखडीत बरी झाली होती. "बुधवारी डोळे फिरवत होती हो, मला वाटलं जाते का राहते! आणि गुरुवारी, अगदी तुमचं शूटिंग आटोपायच्या सुमाराला, उठून बसून बटाट्याला हात घालते! आता घर डोक्यावर घेतलंय." जसिंताने बाबागाडीत डोकावून पाहिलं आणि तिचं हसू थोडं मावळलं. "तुमची शांत आहे."

"हो," नेसा म्हणाली.

जसिंता आणखी काहीतरी बोलणार होती, पण ब्रेड घेऊन निघून गेली. तिने बाळाच्या गालाला हात लावला नाही. आठवड्यापूर्वी लावला होता.

नेसा शिकलेली होती. बाळंतपणानंतर आईच्या मनाचं काय काय होतं त्यावरची दोन पुस्तकं तिच्या उशाशी होती. त्यांतली वाक्यं ती स्वतःला म्हणून दाखवत होती. पण तिची नजर तिचं ऐकत नव्हती. तिच्या लक्षात आलं की एथ्ना दूध पिते, पण मागत नाही. कुशीत घेतलं की अंग सैल सोडत नाही. तोल सांभाळून बसल्यासारखी बसते. आणि झोपते ती आपण नजर काढली तरच. नेसाने परीक्षा पाहिली. ती तासभर टक लावून बसली, तासभर एथ्ना डोळे उघडे ठेवून पडली. नेसाने भिंतीकडे तोंड केलं, वीस आकडे मोजले, वळून पाहिलं. बाळ झोपलं होतं. किंवा त्याने डोळे मिटले होते.

मंगळवारी दुपारी ती बंद पडलेल्या जुन्या शाळेत गेली. तिथे डोनलने जोडकामाची यंत्रं मांडली होती. दुपटी जमिनीवर अंथरून तिने एथ्नाला ठेवलं आणि म्हणाली, "सातवा टेक ऐकव."

"पंचवीस वेळा ऐकलायस."

"चित्र नको. नुसता आवाज."

डोनलने हेडफोन तिच्या कानाला लावले. विनीची पावलं. चुलीत टर्फची, जळणाच्या वाळक्या मातीची, ढेप ढासळल्याचा आवाज. "काय देखणं लेकरू गं हे! असं लेकरू या गावात झालं नाही." मग शांतता, जिथे ते दोन शब्द असायचे तिथली. आणि त्या शांततेत, अगदी जवळून, एक श्वास. आत ओढलेला, तुटका, छोटा.

नेसाने हेडफोन काढले. "हा कुणाचा?"

"ऐकलास? मीही काल ऐकला." डोनल हसला, पण डोळ्यांनी नाही. "तुम्हा एरिसवाल्यांचा, या किनाऱ्यावरच्या लोकांचा 'हो' आहे तो. तोंड उघडायचे कष्ट नकोत म्हणून श्वास आत ओढून 'हो' म्हणता तुम्ही लोक. तुझा बाप तर लग्नात पाद्र्यालाही तसंच म्हणाला असणार."

"विनीकाकूंचा असेल."

"विनीच्या शालीतल्या माईकवर तो नाहीच. फक्त पाळण्याच्या माईकवर आहे." त्याने काहीतरी फिरवलं. "आणि हे बघ, मिनिटभराच्या शांततेतही आहे. तीनदा. दर वीस सेकंदांनी. कुणीतरी कुणालातरी 'हो, हो, हो' म्हणतंय."

"एथ्नाचा?"

"आठ महिन्यांच्या बाळाची छाती एवढी नसते गं," डोनल हळूच म्हणाला. मग भानावर आल्यासारखा भरभर बोलू लागला. "तार हलली असेल. वारा दारातून आला असेल. काढून टाकतो मी, दोन मिनिटांचं काम आहे."

"टेकच काढून टाक."

"काय?"

"सातवा टेक. चित्र, आवाज, मिनिटभराची शांतता, सगळं. तिन्ही प्रती. सहावा वापरू."

"नेसा, सहाव्यात म्हातारी पुटपुटतेय. टिअर्नी मला उलटा टांगेल."

टिअर्नी म्हणजे निर्माता. त्याने तो तुकडा एका महोत्सवाच्या निवड समितीला दाखवला होता, आणि त्या एका गळ्यावर ते लोक खूश होते. नेसाला हे ठाऊक होतं. तिने स्वतः बसून तिन्ही प्रती पुसल्या. डोनल तिच्या खांद्यामागे उभा राहून प्रत्येक वेळी "अजून विचार कर" म्हणत राहिला. शेवटची प्रत पुसल्यावर ती वळून जमिनीवर बसली, एथ्नाचा चेहरा दोन्ही हातांत धरला. आपण सगळ्यात मोठं काहीतरी देऊन टाकलंय, आता सौदा पुरा व्हायला हवा, असं काहीसं तिच्या मनात होतं.

एथ्नाने शांतपणे चेहरा सोडवून घेतला आणि दाराकडे पाहिलं.

टिअर्नीचा फोन त्याच संध्याकाळी आला. डोनलनेच सांगितलं असणार. "बाळंतपणात तुमची अक्कल वाहून गेली का बाई?" इथपासून सुरुवात होती. नेसाने फोन ताटाशेजारी उलटा ठेवला आणि तो बोलत राहिला. एथ्नाच्या हातात पोळीसारखा चपटा बटाट्याचा केक होता. ती तो खात नव्हती, नुसता धरून होती. पकडायला दिला म्हणून.

बुधवारी, जेवणं आटोपायच्या वेळी, नेसा बाळाला घेऊन विनी गॉनच्या दारात उभी राहिली.

विनी भांडी विसळत होती. तिने वळून पाहिलं, नेसाकडे नाही, बाळाकडे. साबणाचे हात तसेच पुढे धरून जवळ आली, वाकली, आणि बराच वेळ बघत राहिली. मग हात पुसले.

"किती दिवस?"

"गुरुवारपासून."

"आणि आज येतेस."

"मी टेक पुसून टाकला, काकू. सगळा."

"फिल्म पुसून काय होतंय? बोललेलं हवेत गेलं. मी रोज म्हणतेय ते. गुरुवारी घरी आल्यापासून, चूल पेटवताना, कोंबड्यांना दाणे टाकताना. चर्चमध्ये तर इतक्यांदा म्हटलं की पाद्र्याला वाटलं माझं काही बिघडलंय." विनी खुर्चीत बसली. "लागू पडत नाही. वाक्य माझं नव्हतंच ना. कुणी लिहिलं ते?"

नेसाने बाळाचा झगा सारखा केला.

"तुला राग येईल, पण येऊ दे. आमच्या आयाबाया जे भीतीने म्हणत आल्या ते तू उचललंस आणि शहरातल्या लोकांपुढे मांडलंस. ते हसले, मग घाबरले, मग टाळ्या वाजवल्या. मला वाईट वाटलं नाही. मला प्रवास घडला, चहा मिळाला. पण तू ते दुसऱ्यांच्या तोंडी घालत आलीस. तू स्वतः कधी म्हणालीस? या पोरीला? आठ महिन्यांत?"

"माझा विश्वास नाही त्याच्यावर, काकू."

"मग इथे कशाला आलीस?"

 नेसाने बाळाला छातीशी धरलं होतं आणि बाळ हात लांब ठेवून, ताठ मानेने, विनीच्या फडताळाकडे बघत होतं.

"ऊठ," विनी म्हणाली. "त्या घरी जाऊ. तुमचा पाळणा आहे ना अजून?"

होता. कलाविभागाची माणसं शुक्रवारी सामान न्यायला येणार होती. शूटिंगचं ते घर वाटेच्या टोकाला, समुद्राच्या अंगाला एकटंच होतं. वाटेत विनीच्या जावयाचं मेंढ्यांचं कुत्रं रोजच्यासारखं उड्या मारत आलं, दहा पावलांवर थांबलं आणि पोटावर बसून राहिलं. विनीने त्याला हाक मारली नाही.

आत दुपारचा उजेड होता. चुलीत राख. विनीने नेसाकडून बाळ घेऊन पाळण्यात ठेवलं, आणि जिथे कॅमेरा होता तिथे तिपाई ओढून बसली.

"बाहेर जा. दारातून आत ये. पाळण्यात बघ, कौतुक कर, आणि 'देव राखो' म्हण."

"मला अभिनय येत नाही."

"ठाऊक आहे. म्हणून तर दुसऱ्यांकडून करून घेतेस. जा."

नेसा बाहेर गेली, आत आली. पाळण्यावर वाकली. "काय देखणं लेकरू गं हे. असं लेकरू या गावात झालं नाही. देव राखो."

"पुन्हा," विनी म्हणाली. "दुकानातली यादी वाचतेस का?"

दुसऱ्यांदा नेसाने आवाजात जीव ओतला. "पुन्हा. हॉलच्या शेवटच्या रांगेसाठी नाही म्हणायचं ते." तिसऱ्यांदा तिचे डोळे भरून वाहू लागले. विनीने मान हलवली. "रडू नको. रडणं सोपं आहे. हे तूच मला सांगितलंयस, आठवतं? पुन्हा."

चौथ्या वेळी नेसा पाळण्यावर वाकली तेव्हा तिला दिसलं की एथ्ना तिच्याकडे बघत नाहीये. बाळाची नजर पाळण्याच्या पलीकडच्या बाजूला होती, चूल आणि भिंत यांच्या मधल्या जागेत, उभ्या माणसाचा चेहरा असेल तेवढ्या उंचीवर. "असं लेकरू या गावात झालं नाही," नेसा म्हणाली, आणि पुढचे शब्द उच्चारायच्या आधी, तिच्या चेहऱ्यासमोरच, पाळण्याच्या त्या बाजूने, श्वास आत ओढला गेला. तुटका, छोटा.

हो.

नेसा मागे सरली. पाठ दाराच्या चौकटीला लागली. "ऐकलंत?"

"मी गुरुवारपासून ऐकतेय," विनी म्हणाली. तिचा आवाज बदलला नव्हता, पण तिने शाल गळ्याशी आवळून धरली होती. "तू थांबतेस, पोरी. कौतुक करतेस आणि थांबतेस. तुझी सगळी नाटकं त्या थांबण्यावर चालली, पेपरवाल्यांनी त्याच्यावर रकाने भरले. त्याला तेवढीच फट पुरते. तू थांबलीस की ते 'हो' म्हणतं. दिलं म्हणतेस, घेतलं म्हणतं."

"मग मी काय करू?"

"फट ठेवू नको."

पाळण्यातून बाळाने हात वर केले. सहा दिवसांत पहिल्यांदा. उचलून घ्या म्हणून मुलं करतात तसे, दोन्ही हात, बोटं फाकलेली. पलीकडच्या बाजूला. आणि त्याची मान हळूहळू उशीवरून उचलली जाऊ लागली, मूल स्वतःहून उचलतं तशी नाही, मागून कुणीतरी तळहात घातल्यासारखी.

नेसाने पुढे झेप घेतली आणि बाळाला दोन्ही काखांत हात घालून धरलं. बाळ जड होतं. ओढून धरलेलं जड असतं तसं. तिच्या तोंडात लिहिलेलं वाक्य आलंच नाही. काय आलं ते तिला स्वतःलाही नंतर नीट सांगता आलं नाही.

"कान बापावर गेलेत देव राखो, डावा तर फारच, देव राखो, लंगोट बदलताना लाथा मारते देव राखो, माझ्या पोटात होती तेव्हाही मारायची देव राखो, गुरुवारी मी पाहिलं नाही तिच्याकडे, गळ्याकडे पाहत बसले, माझी आहे ही, देव राखो, नाक वाहतं देव राखो, केस येत नाहीत देव राखो, रात्री तीनदा उठवते, उठव गं, देव राखो, कुणाला देखणी वाटो न वाटो देव राखो देव राखो, वासावरून ओळखते मी हिला, आंबूस दुधाचा वास आहे देव राखो..."

ओढ सुटली. नेसा मागच्या मागे जमिनीवर बसली, बाळ तिच्या मांडीत आदळलं. क्षणभर एथ्नाने तोंड उघडं ठेवलं, रडण्याआधी मुलांचा श्वास अडकतो तसं, चेहरा लालबुंद, आवाज नाही. नेसा बोलत राहिली. आणि मग ते भोकाड फुटलं. राखेचे कण उडावेत एवढं. एथ्ना लाथा मारत होती, नेसाचे केस मुठीत धरून ओढत होती, तिच्या गळ्यात नाक खुपसून संतापाने किंचाळत होती.

"बस," विनी म्हणाली. ती उभी राहिली, तिपाईला धरून. "बस, पोरी. झालं. चांगलं झालं."

नेसाने तिच्याकडे पाहिलं, मान हलवली, आणि बोलायची थांबली नाही. ती बाळाला घेऊन दारातून बाहेर पडली, वाटेला लागली. किंचाळणाऱ्या मुलाचा आवाज ऐकून जसिंताच्या भावाने ट्रॅक्टर थांबवला. वरच्या घरातली बाई पदपथावर आली आणि "अगं काय झालं, गप्प कर की तिला!" असं ओरडली. समोरून डोनल सायकलवर येत होता. त्याने बाळाचा आवाज ऐकला, सायकल कुंपणावर टाकली आणि हसत, हात पसरून धावत आला. "नेसा! अगं, रडतेय ही! नेसा, ऐकतेस ना?"

ती ऐकत होती. तिचे ओठ हलत होते. दम लागला होता, कडेला थांबून एक मोठा श्वास घ्यायला हवा होता. पण तेवढी फट ठेवायचा तिला धीर होईना.